क्विन्सी बोकड धुताना

शुक्रवारी संध्याकाळी बोकड धुवायचं काम माझं.
पत्र्याच्या टबात कोमट पाणी, सोडा,
आणि सेल्युलॉइडचे तीनशे पारदर्शक ताव,
प्रत्येकावर एकेक क्विन्सी:
एक पाय उचललेला, जरा जास्त उचललेला,
टेकलेला.
फडकं फिरवलं की आधी दाढी जायची,
मग शिंगं. डोळे सर्वांत शेवटी,
पांढरा रंग जाड असायचा.
ताव महाग, बोकड स्वस्त.
सोमवारी नवा काढू, मिस्टर हॅलोरन म्हणायचे.
वितरकाची चिठ्ठी यायची:
या खेपेला हशा कमी पडला.
शेळी जाते जिवानिशी.

शनिवारी प्रानासला घेऊन ग्रँड स्ट्रीटच्या थिएटरात.
तिसऱ्या वर्षी तापात त्याचे कान गेलेले.
पडद्यावर क्विन्सी वाळत घातलेले कपडे खायचा,
मग दोरी,
मग मागची टेकडी चघळून सपाट करायचा.
डोक्यावर प्रश्नचिन्ह उगवलं
की तेही: आकडा आधी, टिंब शेवटी.
सगळे हसायचे,
प्रानास सगळ्यांच्या अर्धा क्षण आधी.
त्या अंधारात बोकड कुणालाच ऐकू येत नव्हता,
आणि न ऐकण्यात
माझ्या भावाचा हात धरणारं कोणी नव्हतं.

घरी आई विचारायची, काय पाहिलंत?
तो दोन बोटांची शिंगं करून
टेबलावरची चादर खायला लागायचा.

एकोणतीस साली बोकड बोलला.
बोलला म्हणजे काय, बें केलं,
मागे कुठेतरी ढोल वाजला, शिट्टी वाजली,
लोक खुर्च्यांवरून पडायचे बाकी राहिले.
क्विन्सी नुसता उभा.
तोंड उघडं, मिटलं, उघडं.
प्रानासनं माझी बाही ओढली: काय झालं?
मी हात वर केले, सांगायला,
आणि ते तसेच राहिले.
बोकड बोकडासारखा ओरडला,
यात हसण्यासारखं काय
ते मलाही नीटसं कळलं नव्हतं.
सगळे थांबल्यावर तो एकदा हसला,
माझ्यासाठी.

त्याच हिवाळ्यात स्टुडिओला कुलूप लागलं.
शेवटच्या शुक्रवारी धू म्हणायलाही कोणी नव्हतं.
मी धुतले. एक ताव राहिला,
त्यावर बोकड नव्हताच,
नुसतं प्रश्नचिन्ह, वरच्या कोपऱ्यात.
कोटाखाली घालून घरी आणला,
आणि प्रानास सूप पीत होता
तेव्हा त्याच्या डोक्यावर धरला.

त्यानं वर पाहिलं.
चमचा ठेवला.
आकडा ओढून सावकाश चावून खाल्ला,
आणि टिंब, दाताखाली खडा आल्यासारखं,
थू करून टाकून दिलं.

आई वाकून जमिनीवर शोधू लागली.