ओठ न मिटता

दुक्मला पहाटे चारला वारा फिरतो,
समुद्राकडून मिठाची पूड आणतो,
आणि कॅम्पच्या पाण्याच्या टाकीमागे
अँगस मॉन्टूर नातीला फोन लावतो.
तिच्याकडे अजून कालची रात्र असते,
आठ वाजलेले, जेवण झालेलं.

तो एक शब्द टाकतो, ती उचलते.
पुन्हा टाकतो. ती चुकते. तो थांबतो.
साठ मीटर उंच लोखंडी सांगाड्यावर
बोल्ट तपासतानाही तो इतका हळू नसतो.

मी परांची बांधणारा. आत्राम, बॅज चार हजार एकोणीस.
माझा पासपोर्ट कंपनीच्या कपाटात.
त्याच्याकडे दोन.
एक कॅनडाचा, त्यावर शिक्का बसतो.
दुसरा त्याच्या लोकांनी स्वतः काढलेला.
मस्कतच्या काउंटरवरच्या पोरानं तो
उलटसुलट पाहिला, परत दिला.
'चालत नाही म्हणून काय झालं,' अँगस म्हणतो,
'खरा आहे.'

मोहॉक हे नाव शेजाऱ्यांनी ठेवलं,
मग गोऱ्यांनी, मग सगळ्यांनीच.
आमच्या भाषेत ते उच्चारताच येत नाही, तो सांगतो.
प नाही, ब नाही, म नाही.
ओठ मिटावे लागतील असं अक्षरच नाही.
आम्ही गारगोटीची माणसं.
त्याच्या आईच्या तोंडात शाळेनं साबण कोंबला होता.
ती घरी आली
ती इंग्रजीत गप्प राहायला शिकून.

माझ्या आश्रमशाळेत कुणी मारलं नाही.
मी कोलामीत उत्तर दिलं, मास्तर हसले.
तेवढं पुरलं.

'तुझ्यात पाण्याला काय म्हणतात?'
'पाणी,' मी म्हणालो. ओठ मिटले.
तो माझ्या तोंडाकडेच बघत होता.
'ही शेजाऱ्यांची,' मीच म्हणालो,
त्यानं काही विचारलं नसताना.

टाकीचा नळ ठिबकत होता.
बावीस वर्षं मी तो शब्द कुठे ठेवला होता,
कुठल्या पेटीत, कुठल्या गादीखाली,
आठवेना. डोक्यावरून फ्लेअरचा उजेड
लाल होऊन गेला, पुन्हा आला.
मग जीभ आपली आपण वर गेली:
'ईर.'
तोंड उघडंच राहिलं.

'ओहनेगनोस,' अँगस म्हणाला.
फोनमधून गहंदियो, वय वर्षं नऊ,
माझाच शब्द मला ओरडून दाखवत होती,
ईर, ईर, खेळण्यासारखा.

शुक्रवारी झरीजामणीला आत्याला फोन केला.
ती मराठीत बोलत होती, कापूस, गुडघे, रेशनचं.
मध्येच मी म्हणालो, ईर.

पलीकडे बराच वेळ काही नाही.
मला वाटलं, रेंज गेली.
मग ती बोलू लागली, भराभर, त्याच भाषेत,
कोणी अडवेल की काय अशी.

अर्धंच कळलं.
तहान लागली का, असं काहीसं होतं त्यात.
मी हो म्हणालो.