बेरीज पस्तीसला जरा कमी

लोफोटेनच्या आमच्या बेटावर उभं राहायचं
तर त्रिकोण होऊनच राहावं लागतं.
चौकोनी खोपीला वारा एका रात्रीत कलती करतो,
बाजू त्याच, लांब्या त्याच,
पण सकाळी दार लागत नाही.
मासे वाळवायच्या मांडवाचं मात्र काही चालत नाही त्याला.
दोन वासे माथ्याशी करकचून बांधलेले,
तिसरी बाजू जमीन.
समद्विभुज, बाबा म्हणायचे,
दोन भाऊ सारखे, बहीण वेगळी.
आणि माझ्याकडे बघायचे.

मांडवावर जोडी-जोडीने लोंबणारे कॉड,
खाली आम्ही तिघं गृहपाठ करत बसलेलो,
वहीच्या कोपऱ्यांना माशांच्या जिभा कापल्याचा वास.

चर्चमागे आमचं बटाट्याचं शेत.
एकीकडे समुद्र, एकीकडे रस्ता,
एकीकडे दफनभूमीचं कुंपण.
प्रत्येक बाजू चाळीस पावलं. बाबांची, बूट घालून.
कुणी आखलं नव्हतं ते,
खडकांनी सोडलं तेवढंच आमचं.

खोपी शेतात कुठे बांधायची यावर एक अख्खा मे महिना गेला.
एइलिवला हवी पाण्याजवळ,
खताचं शेवाळ आणायचं काम त्याचं.
सिगुर्दला रस्त्याजवळ, पोती त्याच्या पाठीवर.
मला कुंपणाजवळ. नळ दफनभूमीत होता, थडग्यांवरच्या फुलांसाठी,
आणि बादल्या माझ्या.

शेवटी हेरबोर्गबाई आल्या शाळेतून,
खिशात मासेमारीची दोरी.
म्हणाल्या, कुठेही बांधा.
तिन्ही बाजूंपर्यंत सरळ जा, काटकोनात,
तीन अंतरांची बेरीज तीच येणार,
शेताची उंची. पस्तीसला जरा कमी.

पटेना कुणाला.
मग त्यांनी मला चिखलात उभं केलं
आणि माझ्यापासून तीन कोपऱ्यांना दोऱ्या ताणल्या.
शेताचे तीन तुकडे झाले, तिन्हींचा पाया चाळीस.
मी सरकले की एक तुकडा फुगायचा, दुसरे आकसायचे,
शेत मात्र तेवढंच.
पाये सारखे, म्हणाल्या, मग उंच्याच काय त्या
आपसात वाटून घ्यायच्या.

सिगुर्द म्हणाला, बाई, बेरीज कोण चालतं?
मी तर माझीच बाजू चालतो.

बाई दोरी गुंडाळत राहिल्या.

बाबांनी खोपी बांधली रस्त्याकडे जराशी,
कारण तिथे सपाट खडक होता, पाया फुकट.
आत एक तिरकी फळी ठोकली,
चौकोनाचे दोन त्रिकोण केले,
आणि दार तीस वर्षं लागत राहिलं.

बाईंनी पुढे सगळं शिकवलं.
दोन बाजू मिळून तिसरीपेक्षा मोठ्याच असतात
(तरी भांडण झालं की आम्ही लांबच्या वाटेनेच घरी जायचो).
विषमभुज त्रिकोणात मध्यगासंपात एकीकडे,
लंबसंपात भलतीकडे,
समभुजात सगळी केंद्रं एकाच जागी,
आमच्या शेतात म्हणाल तर
सातव्या ओळीतल्या एका बटाट्याखाली.
आणि एक कोन फार उघडला
तर परिकेंद्र त्रिकोणाबाहेर जाऊन पडतं.
हे मला एइलिव बर्गेनला गेल्यावर कळलं.
तिथून तो दर रविवारी विचारतो
इथे वारा कुठून आहे.

आता बाबा कुंपणाला अगदी लागून आहेत.
एक अंतर शून्य.
परवा मी त्यांचे बूट घातले, पुढे मोजे कोंबून,
आणि त्यांच्या दगडापासून निघाले.
समुद्रापर्यंत बारा.
परत आले. रस्त्यापर्यंत बावीस,
आणि वर अर्ध्याहून थोडं जास्त.

म्हणजे भरली.
एक वाटा नाही, तरी भरली.
मी बराच वेळ रस्त्याच्या कडेला उभी होते,
मेंढ्या बघत होत्या.

रात्री सिगुर्दला फोन करून आकडे सांगितले.
तो गप्प होता.
मग म्हणाला, खोपी गळतेय का बघितलंस?