तीन दाणे

म्यानातून तलवार निघते तेव्हा
खणखणाट होत नाही.
म्यान लाकडाचं, आतून मेंढीचं कातडं,
आवाज येतो ट्रंकेतून घडीची शाल ओढल्यासारखा.
कॉकेशसच्या पार टोकाला, शातिलीच्या बुरुजाखाली
मी तो टेप केला, नऊ वेळा.
बेर्दिया लिकोकेली दर वेळी विचारायचा,
"आलं का रे ऐकू?"
नंतर तिब्लिसीत त्यावर लोखंड घासलं गेलं.
श्रेयनामावलीत ते माझ्याच नावावर आहे.

म्हातारा शहात्तरचा. गुडघ्याला लोकरीची पट्टी.
तरी उकिडवा बसून, ताटलीएवढी ढाल पुढे धरून
असा काही उसळायचा
की तिशीतले दोघे नट
आपापल्या पावलांकडे बघत राहायचे.

दिग्दर्शकाला झुंज हवी होती चार मिनिटांची.
"चार मिनिटांत," बेर्दिया म्हणाला,
"भाकरी भाजून होते.
माणसाला एवढा वेळ लागत नाही."
मग म्हणाला, आणि मारायचं नसतंच मुळात,
शेजारी आहे तो, उद्या गवत कापायला लागणार.
टोकानं नुसतं शिवायचं. कपाळ, गाल, मनगट.
दिग्दर्शकानं समजल्यासारखी मान हलवली
आणि रक्ताची आणखी एक बादली मागवली.

सतराव्या टेकला
ओतियाचा पाय शेवाळावर सरकला, की त्यानं सरकवला,
जाबाची भिवई फाटली. खरी.
त्यापुढचे वार कुणी बसवलेले नव्हते.
हेडफोनमध्ये मला नुसते श्वास,
आणि संहितेत नसलेल्या शिव्या.

चहाच्या किटल्यांपाशी बसलेली खातुता उठली,
डोक्यावरचा काळा रुमाल सोडला
आणि दोघांच्या मधे टाकला.
फेकला नाही हं,
पाहुण्यासमोर ताट ठेवावं तसा.

पाती खाली गेली.
दोन्ही शहरातली पोरं,
त्यांना हे कुणी शिकवलं नव्हतं.
निदान बेर्दिया शपथेवर सांगतो, त्यानं नाही.
माझ्या टेपवर नदी तेवढी वाजत राहिली.
"हिला फ्रेममध्ये कोणी सोडलं?
नायलॉनचं जाकीट आहे अंगात!"
कट.

डॉक्टर येईस्तोवर
बेर्दियानं घोड्यासाठी ठेवलेले जव खिशातून काढले,
जाबाच्या जखमेच्या कडेनं मांडले,
एक उभा, एक आडवा, एक उभा.
तीन दाणे. म्हणजे तीन गाई.
निर्माता हसला, विम्याचा कागद पुढे केला.
म्हाताऱ्यानं कागद उलटा करून पाहिला.
मागे काही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ओतिया
सामानाच्या ट्रकमधून उतरला, ओशाळलेला,
काखेत चीजचा एक गोळा.
जाबानं त्याचा वास घेतला.
बेर्दियानं तळहातावर तोलला, बराच वेळ.
"शेळीचं दिसतंय," म्हणाला,
"पण सुरुवात म्हणून चालेल."