हातभर

पहिल्या दिवशी लमाराने माझी बाही कोपरापर्यंत सारली
आणि फिल्मची पट्टी हाताला लावून पाहिली,
शिंप्याने माप घ्यावं तशी.
कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत बावीस फ्रेम.
मग स्वतःच्या हाताला लावली. चोवीस, काटेकोर.
"एक हात, एक सेकंद," ती म्हणाली.
"तुझे सेकंद तोकडे पडणार, नतेला. सवय कर."

तिबिलिसीतल्या त्या स्टुडिओत तिसऱ्या मजल्यावर आमची खोली,
खिडकीला काळा कागद.
बाहेर नदी होती म्हणतात;
आम्ही ती पडद्यावरच पाहिली.
खिळ्यांना टांगलेल्या पट्ट्या, खाली कापडी पिंप,
जेवतानाही बोटांना चिकटवणीचा वास.
पांढरे सुती हातमोजे आठवड्यातून दोनदा धुवायचे,
ते काम माझं.

दिग्दर्शक वाझा दारातूनच ओरडत यायचा:
हा शॉट माझा जीव आहे, याला हात लावायचा नाही!
लमारा मान डोलवायची, चहा द्यायची.
तो गेला की कापायची.
पहिल्या खेळाला तो नेमका त्याच जागी रडला
आणि तिला म्हणाला, बघ, सांगत होतो ना.
ती म्हणाली, हो.

शिकवलं असं तिने काहीच नाही.
एकदाच, शाक्रो भट्टीवाल्यावरचा माहितीपट जोडताना
मी बोलणारीच्या तोंडावर अडकून बसले होते.
तिने चाक मागे फिरवलं.
"तुझा मुलगा आता येणार नाही, असं शेजारीण सांगतेय.
तिला कशाला बघतेस?
भट्टीत वाकलेल्या म्हाताऱ्याची पाठ बघ.
ऐकणारा थांबतो, तिथे थांब."
पाठ हलत नव्हती.
चार हात लांब पाठ.

मग देश बदलला.
आधी पगार गेले, मग माणसं, मग वीज,
शेवटी मशीनची चाकं भंगारात.
लमारा टीव्हीच्या बातम्यांत लागली.
अंगात कोट, जनरेटर चालू असेल तोवर कापायचं,
रोज तोच चौक, तीच स्ट्रेचर.
किती दाखवायचं, हे कुणीतरी ठरवावं लागतं.
ते ठरवून ती घरी जायची
आणि रॉकेलच्या स्टोव्हवर बटाटे उकडायची.
एका आईचा चेहरा तिने अर्ध्यावर तोडला तेव्हा
वरचा साहेब म्हणाला, पुढे रडलीय की ती.
"म्हणूनच," लमारा म्हणाली.

गेल्या हिवाळ्यात गेली.
चाळिसाव्या दिवसाच्या जेवणाला लावायला
मुलाला तिचं थोडं चित्रण हवं होतं.
त्याने स्वतःच्याच लग्नाची कॅसेट आणून दिली,
आईनेच कापलेली.
मी दोनदा पाहिली.
एकूण एक काका आहे, वाइनचा एकूण एक पेला,
रुसलेली करवलीसुद्धा.
लमारा नाही.
फक्त एकदा, टेबलाच्या कडेला,
कुणापुढे तरी ताट सरकवणारा हात.
कोपरापर्यंत.
चुकून राहिला असेल, मुलगा म्हणाला.
तिच्या हातून चुकून काही राहत नसे,
पण मी बोलले नाही.
तेवढंच काढून दिलं.
माणसं जेवत होती आणि भिंतीवर
ताट पुन्हा पुन्हा सरकत होतं.

मी आता मालिका कापते, दिवसाला एक भाग.
पट्ट्या नाहीत, पिंप नाही.
टाकलेलं सगळं कुठेतरी सुखरूप असतं
आणि कुणी बघायला जात नाही.
सेकंदाला पंचवीस फ्रेम,
हे माप कुणाच्याच हाताचं नव्हे.
निर्माता पाठीमागे चुटक्या वाजवतो: आवळ, आवळ.
मी आवळते.
पण दार लावून कुणी निघून गेलं
की खोलीत मागे उरलेल्या माणसावर
दोन फ्रेम जास्त ठेवते.
उसन्या.
अजून तरी कुणी परत मागितलेल्या नाहीत.