सात पर्च

हॅटनला, हार्डवेअरच्या दुकानावरच्या मजल्यावर
वकीलबाईंच्या खोलीत मी टाइप करते.
तमिळ ऐकते, इंग्रजीत उतरवते.
मधे जे सांडतं, ते कोर्ट मागत नाही.

पवळम्माळ आली ती पिशवी छातीशी धरून.
पिशवीत पिशवी, तिच्यात बिस्किटांचा डबा,
डब्यात कागद: शिक्का, एका हसऱ्या मंत्र्याचा फोटो
आणि खाली, तिच्या नावासमोर, सात पर्च.
समारंभात हार घातला होता, म्हणाली,
फोटो झाल्यावर काढून घेतला.
रांगेत मागे अजून बायका होत्या.

सात पर्च म्हणजे किती, ते ती खोल्यांत सांगते.
मळ्याच्या लाइनीतली तिची खोली दहा बाय बारा.
अशा पंधरा. आणि वर कढीलिंबापुरती जागा.

ती जागा आहे कुठे, एवढंच कुणाला ठाऊक नाही.
विभागीय कचेरी म्हणते, मळ्यानं सोडलेली नाही.
मळा म्हणतो, मोजणीदार फिरकला नाही.
मोजणीदार म्हणतो, डोंगर घसरतो, दाखला आणा.
दाखला देणारा म्हणतो,
जमीन दाखवा आधी.

सरकारी काम अन् सहा महिने थांब.
तिनं अठरा वेळा सहा महिने थांबून पाहिलं.
तेवढ्यात नवरा गेला, पत्रे दोनदा उडाले,
आणि धाकटी कोलंबोला कपड्यांच्या कारखान्यात गेली
ती आता पाहुण्यासारखी येते.

वकीलबाईंनी रीतसर सुरुवात केली.
आधी नोटीस, रजिस्टर पोस्टानं. पोचपावती जपा,
पोचपावती म्हणजे अर्धा खटला.
मग माहिती अधिकाराचा अर्ज.
उत्तर आलं, फाइल आढळून येत नाही.
वकीलबाई हसल्या. हे पत्र त्यांनी फाइलमध्ये
सगळ्यात वर लावलं.
मग म्हणाल्या, आता रिट. मँडॅमस.

मी समजावलं, लॅटिन शब्द आहे, आजी.
अर्थ: आम्ही आज्ञा करतो.
आम्ही म्हणजे कोण, तिनं विचारलं.
कोर्ट, मी म्हटलं.
तिनं मान डोलावली, मग थोड्या वेळानं म्हणाली,
ओल्या पानाचे रोज दोन किलो कापतात काट्यावर.
दोनच का, हे मी चाळीस वर्षांत
विचारलंसुद्धा नाही.

हे मी शपथपत्रात घेतलं नाही.
संबंध नाही, असं वकीलबाई म्हणाल्या असत्या.

कोलंबोला बसनं सहा तास.
आमचं प्रकरण चार मिनिटं चाललं.
सरकारी वकिलांनी मुदत मागितली, मिळाली.
पुन्हा मागितली, पुन्हा मिळाली.
तिसऱ्यांदा न्यायाधीशांनी चष्मा काढला
आणि विचारलं, या बाईंचं वय किती?
अर्जात होतं. मीच टाइप केलं होतं. अडुसष्ट.
सरकारी बाजूला कागद चाळल्याचा आवाज,
तो बराच वेळ.

नव्वद दिवसांत मोजून, खुंट्या ठोकून, ताबा द्या.

आज एक्काहत्तरावा.
ती रोज काट्याच्या शेडमधून फोन करते,
दुसऱ्याच्या फोनवरून, ओरडून: किती?
मी आकडा सांगते. ती ठेवते.
आज ठेवला नाही.
नव्वद झाले आणि नाही आले, तर?

तर अवमानाचा अर्ज करू.
अवमान? कुणाचा?
कोर्टाचा, आजी.

मागे टोपल्या आपटल्याचा आवाज,
कुणीतरी वजन पुकारतंय, कुणीतरी भांडतंय.

हं, ती म्हणाली.
म्हणजे त्यांचाही होतो.