अत्तीवेरी, मग मुंडगोड

पाटी माझ्या खिशावर : मार्गदर्शक.
खालच्या ओळीत तेच कानडीत.
दोन्ही ओळी एकाच पिनेला टांगलेल्या.

निपाणीहून रात्री तीनला निघालेली गाडी
उजाडताना मला हल्याळ नाक्यावर उचलते.
चौदा बायका, भाकऱ्यांची बुट्टी, ठेच्याचा डबा,
आणि दार उघडताच तो वास, तंबाखूचा,
धुतलेल्या लुगड्यांतूनही न गेलेला.
ड्रायव्हर इनास सिद्दी काच खाली करतो,
मग बहुधा लाजून अर्धी वर घेतो.

आधी पाखरं, मग विहार.
पाखरं उन्हाला थांबत नाहीत, बुद्ध थांबतो,
असं मी दर गाडीला सांगतो. लोक हसतात.
या हसल्या नाहीत.
'आमास्नी बी लई वर्सं थांबाया लागलं बाबा,'
पुढच्या सीटवरून यल्लूबाई कुरणे.

यल्लूबाई. नाव देवीचं, दीक्षेच्या आधीचं.
'बदलायचं ऱ्हाऊन गेलं. रेशनकार्डावर त्येच हाय.'

अत्तीवेरीच्या पाण्यावर धुकं बसलेलं.
बुडालेल्या झाडांवर पाणकावळे
पंख पसरून, दोरीवरच्या कोटांसारखे.
चमचे पक्षी ओळीनं चिखल चाळत होते,
चोच डावीकडे, चोच उजवीकडे.
'ह्ये बी कामावरच हाइती,' कुणीतरी म्हटलं,
'हजारी भरल्याबिगर उठायचे न्हाईत.'
आणि सगळ्या एकदम हसल्या, इतक्या मोठ्यानं
की पलीकडच्या काठाचा थवा उठला.
वहीत लिहिलं : चमचे, एकेचाळीस.
शराटी, मोजायच्या राहिल्या.

यल्लूबाईनं दुर्बीण उलटी धरली.
'अगं बया, किती लांब गेलं समदं.'
सरळ करून दिली तर म्हणाली ऱ्हाऊ दे,
डोळ्यांत चाळीस वर्सांची धूळ हाय,
काचंनं निघत न्हाई.

मुंडगोड.
दाराशी त्या थबकल्या.
त्यांच्या गल्लीतला विहार म्हणजे पत्र्याची खोली,
निळी भिंत, एक मूर्ती, एक फोटो, मेणबत्ती.
इथं भिंतभर सहा हातांचे, ज्वाळांतले, दात विचकलेले.
'ह्ये कोण गं? ह्येंच्यातनंच तर भाईर पडलो आपुन.'
मी पाठ केलेलं सुरू केलं : हे धर्मपाल, हे रक्षक.
कुणी ऐकत नव्हतं.
इथल्याच दवाखान्यात जन्मलेला एक तिबेटी भिक्खू
किटली घेऊन आला. 'चहा बेका?'
चौदाजणी एका सुरात : 'बेकु!'
लोण्याचा, खारट. दोघी प्यायल्या.
बाकीच्यांनी पेले मानानं हातात धरून ठेवले.

यल्लूबाईचा पेला बाहेर न्यावा लागला. गुडघे.
पायऱ्यांखाली बसून तिनं दुर्बीण मागितली,
या वेळी सरळ धरली,
उघड्या दारातून आत, पार टोकापर्यंत.
खूप वेळ. चेहरा बघत असेल, मला वाटलं.
'बोटं बघ की रं.
आंगठा आन् ह्ये बोट. दोरा धरल्यागत.
पानात जर्दा भरून त्वांड मुडपलं की
असंच धरावं लागतंय. न्हाईतर सुटती.'
तिच्या मोकळ्या हाताची बोटं
मांडीवर तशीच जुळलेली.

बारा वर्षं त्या मुद्रेचं नाव सांगतोय,
दोन भाषांत, अर्थासकट.
तेव्हा सांगितलं नाही.

परतीला, किर्र झाडीत, रस्त्यावर गवा.
इनासनं इंजिन बंद केलं.
मोबाइल कुणी काढला नाही.
तो आमच्याकडे बघत राहिला, रवंथ करत,
मग बांबूत शिरला, एकही पान न मोडता.
बऱ्याच वेळानं मागून आवाज :
'वजन केवढं असंल?'

हल्याळ नाक्यावर उतरताना
यल्लूबाईनं माझ्या मुठीत विड्यांचा कट्टा कोंबला.
प्रत्येकीच्या कमरेला गुलाबी दोरा.
मी ओढत नाही. इनास ओढतो.
गाडी कडेला लावून त्यानं एक पेटवली,
आणि काच पूर्ण खाली केली.