अतिप्रदान

लिफाफा तोच, खाकी. डिंकाऐवजी आता पिन.
घेऊन आलेला पोरगा कंत्राटी, लोंढे नावाचा,
पोच घ्यायला पेनही त्यानं माझंच मागितलं.

विषय: अतिप्रदान रकमेची वसुली करणेबाबत.

सत्त्याण्णव साली, म्हणे,
कालबद्ध पदोन्नतीची माझी वेतननिश्चिती
एका वेतनवाढीनं पुढं सरकली.
एक वेतनवाढ. तेव्हाचे शंभर रुपये.
ते शंभर महागाई भत्ता खात खात वाढले,
दोन वेतन आयोगांतून गेले,
आणि मी निवृत्त होऊन चौथ्या वर्षी
दोन लाख अठरा हजार सहाशे चाळीस होऊन
विश्रामबागेत माझ्या दारात उभे राहिले.

अक्काताई चष्मा पुसत म्हणाली,
अतिप्रदान म्हणजे काय हो?
म्हटलं, आपल्याला जास्त दिलं, असं.
ती स्वयंपाकघरात गेली
आणि बराच वेळ डबे उघडून बघत राहिली.

सेवापुस्तक मागायला गेलो, तर ते नाही.
तीन पालिकांची एक झाली तेव्हा ते टेम्पोतून आलं,
दोन हजार पाचला भिजलं, गच्चीवर वाळवलं,
एकोणीसला आयर्विन पुलाशी पाणी सत्तावन्न फुटांवर चढलं
तेव्हा रॅकसकट गेलं.
पहिल्या पानावरचे माझ्या डाव्या हाताचे पाच ठसे
हरिपूरचा संगम ओलांडून एव्हाना कर्नाटकात असतील.
नोंद बुडाली,
वसुली तेवढी पोहून आली.

रात्री पत्र पुन्हा वाचलं, तेव्हा वाक्य ओळखू आलं.
‘सात दिवसांचे आत एकरकमी भरणा करावा,
अन्यथा आपणांस काही एक म्हणावयाचे नाही
असे गृहीत धरणेत येईल.’
काही एक.
हे असं तोडून लिहायची खोड माझी.
आस्थापना विभागात, नव्व्याण्णवच्या उन्हाळ्यात,
मीच केला होता हा मसुदा,
मिरजेचे व्हॉल्व्हमन इलाही मुजावर यांच्यासाठी.
नंतरच्यांनी नुसती नावं बदलली, आकडे बदलले,
टाइपरायटर गेला, संगणक आला,
‘काही एक’ला कुणी हात लावला नाही.

मुजावरांकडे एक चावी आणि अकरा हजार निघत होते.
चावी त्यांनी दुसऱ्याच दिवशी आणून टेबलावर ठेवली,
लोखंडी, कमरेएवढी, ओली.
पैशांचं म्हणाले, साहेब,
सत्तावीस वर्षं पहाटे तीनला उठून पाणी सोडलं,
त्यात कधी जास्त सुटलं असेल का?
मी म्हणालो, लेखी द्या.
त्यांना लिहिता येत नव्हतं.
हे मला माहीत होतं.

संघटनेचे चौगुले म्हणतात, घाबरू नका मगदूम,
निवृत्तांकडून अशी वसुली करता येत नाही, निकाल आहे.
झेरॉक्स दिली. तीन रुपये घेतले नाहीत.
खुलाशाचा कागद घेऊन बसलो,
‘माझे म्हणणे खालीलप्रमाणे’ इथपर्यंत आलो
आणि खाली काही सुचेना.

मग मिरजेला गेलो.
गल्ली विचारत विचारत. दारात त्यांची मुलगी, केस पांढरे झालेली.
अब्बा कधीच गेले, म्हणाली. पण फिटलं होतं सगळं.
बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यातून पावत्या काढल्या,
सुतळीनं बांधलेल्या, दोनशे पंच्याहत्तरच्या,
प्रत्येकीवर माझी सही.
हप्ते चाळीस ठरले होते, मीच ठरवले होते.
पावत्या एक्केचाळीस निघाल्या.

मी पुन्हा मोजल्या.
थुंकी लावून, एकेक, कार्यालयात मोजायचो तशा.
काय झालं, तिनं विचारलं.
तेवढ्यात नळाला पाणी आलं
आणि ती घागर घेऊन पळाली.